बिनमालकाची कौलं

"कौल गेटाबाहेर पडलं, की ती सासरी गेलेली लेक," दाजीशेठ खातू म्हणाले आणि पानाला चुना लावायला लागले. "तिथं तिला कुणी जेवू घातलं, कुणी उपाशी ठेवलं, ह्याचा जाब बापाला विचारत नाहीत, साहेब."

साहेब म्हणजे कामगार खात्याचे निरगुडकर. आदल्या संध्याकाळी ते लाँचनं धामणखोल बंदरात उतरले, तेव्हा त्यांना एवढी बोट लागली होती की धक्क्यावर पाय टेकल्यावरही बराच वेळ ते खांबाला धरून उभे होते. सकाळी आम्ही त्यांना शाळेतली खुर्ची आणून उंडीच्या झाडाखाली बसवलं. चेहरा अजून कच्च्या पपईसारखा हिरवट होता. समोर तिघं जण बसले होते, आणि त्या तिघांतला एकही आमचा मालक नव्हता.

दाजीशेठांचा खाडीच्या वरच्या अंगाला कौलांचा कारखाना होता. मोर छाप कौल. अख्ख्या किनाऱ्यावर शंभर घरांतल्या नव्वद घरांवर त्यांचा मोर बसलेला असायचा. त्यांच्या शेजारी तात्या पेडामकर. हा धक्क्यावरचा कंत्राटदार. गळ्यात कायम शिट्टी, आणि ती वाजली की काम सुरू, वाजली की काम बंद. तिसरा इब्राहिम सारंग, गलबताचा तांडेल. ते गलबत मागे धक्क्याला लागलेलं होतं, पोट भरून कौलं घेतलेलं, ओहोटीच्या चिखलात म्हशीसारखं सुस्त बसलेलं. संध्याकाळच्या भरतीला ते काठेवाडला निघायचं होतं. हंगामातली ही शेवटची खेप. त्यानंतर दर्या खवळतो, बंदर बंद होतं आणि धक्क्यावर खेकडे राज्य करतात.

"आता तुम्ही बोला," साहेब तात्याला म्हणाले.

"मी काय बोलू?" तात्यानं हात जोडले. "मी आपला मधला माणूस. लग्नाची अक्षत द्यायला जो घरोघर फिरतो ना, तसा. आता पंगतीत एखाद्याला जिलबी कमी पडली तर ती काय अक्षत देणाऱ्यानं पुरवायची?"

"आणि तुम्ही?"

इब्राहिमचाचांनी दाढीवरून हात फिरवला. "साब, गलबत माझा नाय. गलबताचा शेठ हाय तिकडं काठेवाडात. माझ्या पोटात काय पडतं ते मी नेतो. ताटात भात कुणी वाढला ह्या मी कवा इचारलाय?"

पारूवयनी माझ्या मागं उभी होती. ती माझ्या कानाशी पुटपुटली, "बघ गो चंद्रे. एक बाप, एक अक्षतवाला, एक जेवनारा. लगीन लागलं, पन नवराच नाय मांडवात."

मला हसू आलं नाही. एरवी पारूवयनीच्या तोंडाला मी सगळ्यांत आधी हसायची.

आम्ही वरच्या वाडीतल्या बायका. हंगाम लागला की डोंगर उतरून बंदरात यायचो, माडाच्या झापांची खोपटं बांधून राहायचो आणि कौलं भरायचो. ते काम म्हणजे साखळी. कारखान्याच्या होड्यांतून कौलं धक्क्यावर उतरायची. धक्क्यापासून फळीवरून पार गलबताच्या पोटापर्यंत बायका ओळीनं उभ्या राहायच्या, आणि दोन-दोन कौलं ह्या हातातून त्या हातात जायची. पाय हलवायचा नाही, फक्त कंबर वळवायची. बघून घ्यायचं नाही, गाण्यावर घ्यायचं. ओवीच्या ज्या ठेक्याला माझे हात सुटायचे, त्याच ठेक्याला पुढचीचे हात यायचे. गाणं चुकलं तर कौल फुटायचं. म्हणून पारूवयनीला साखळीत कौल द्यायचं नाही, तिला फळीच्या तोंडाशी नुसतं गायला उभं करायचं, अशी आमची रीत होती. तिची मजुरी आमच्याइतकीच.

लाल लाल माझी बाय, भट्टीतनं न्हाली
दर्याच्या गो वाटेनं, सासरी निघाली

पाठवणीची ही गाणी. कौल म्हणजे लेक, गलबत म्हणजे डोली. दाजीशेठांनी सासरी गेलेल्या लेकीची उपमा दिली ती काही त्यांच्या डोक्यातून आली नव्हती, आमच्याच तोंडून कानावर पडलेली होती. फुकट.

त्या साली हंगाम सरत आला तरी मजुरी हातात पडली नव्हती. काठेवाडचा व्यापारी शेठना देईना, म्हणून शेठ तात्याला देईनात, म्हणून तात्या आम्हांला देईना. त्यांचीही साखळीच होती म्हणायची. फरक एवढाच, की आमच्या साखळीत कौल मध्येच कुणी आपल्या पदराखाली ठेवून घेत नसे.

आणि ह्या बायकांना बंदरात आणलं होतं मी. मी चौथी शिकलेली, म्हणून मुकादमीण. 'उद्या गलबत लागतंय, बायका घेऊन ये' असा निरोप यायचा, तो माझ्याकडे. निरोप कुणाचा, ते इतक्या वर्षांत ना कुणी सांगितलं ना आम्ही विचारलं. मयेकराच्या दुकानातून अख्ख्या हंगामाचे तांदूळ उचललेले होते ते माझ्या शब्दावर. गलबत हललं की मजुरी गेली, मयेकर माझ्या दारात उभा राहणार, आणि दुसऱ्या दिवशी ह्याच बायकांबरोबर, ज्यात माझ्या दोन जावा आणि एक नणंद होती, मला तो डोंगर चढून वर जायचं होतं. दर्यात बुडालेल्याला एकदाच मरावं लागतं. वाडीत तोंड दाखवायची चोरी झाली, की पाणवठ्यावर रोज मरावं लागतं.

म्हणून मी कामगार खात्याला पोस्टकार्ड टाकलं होतं. त्यावर कुणी येईल असं कुणालाच वाटलं नव्हतं. खरं सांगायचं तर मलाही नाही.

साहेबांनी आम्हां बायकांना एकेक करून विचारलं, "तुमचा मालक कोण?"

सखू म्हणाली, "खातूशेठ." तिच्या सासूनं तिला चिमटा काढला आणि म्हणाली, "तात्या. शिट्टी तोच मारतो." तिसरी म्हणाली, "चाचा. गूळपाणी तेच देतात." एकीनं तर धक्क्यावरच्या वेताळाचं नाव घेतलं. साहेब लिहिता लिहिता थांबले. त्यांनी रुमालानं कपाळ पुसलं.

"बाई," ते मला म्हणाले, आणि खरंच त्यांच्या आवाजात माया होती, "मजुरी देण्याची जबाबदारी मालकाची, हे कायद्यात पक्कं आहे. पण मालक कोण, ते दिसायला हवं ना? कामावर कुणी ठेवलं, हुकूम कुणाचा, देखरेख कुणाची? इथं तर तिघंही हात झटकतायत. दुपारी माझी परतीची लाँच आहे."

"नाय तर?"

"नाही तर मला लिहावं लागेल की मालक आढळला नाही."

दाजीशेठांनी पान तोंडात सारलं. तात्यानं तांडेलाला विडी दिली. तिघांच्या चेहऱ्यांवर कसं अगदी पूजा उरकल्यासारखं समाधान पसरलं.

"मालक आडळला नाय," पारूवयनी मोठ्यानं म्हणाली. "मंग ही कौलां गलबतात चढली कशी? चालत गेली? का भुतांनी भरली?"

बायका हसल्या. साहेबही ओठांतल्या ओठांत हसले. आणि त्या हसण्यातच मला ते सुचलं. सुचलं म्हणजे काय, भाकरी थापताना पीठ जास्त झालं तर हात आपोआप परातीकडे जातो, तसं झालं.

"साहेब," मी म्हटलं, "कुनीच सांगितलं नाय तर आमी आमच्या मर्जीनंच ही कौलं भरली, असंच ना?"

"कागदावर तसंच दिसेल."

"म्हंजे आमाला हौस आली, आमी भरली."

"हो... म्हणजे, तसंच."

"आनि उद्या आमचीच हौस फिटली, तर?"

साहेबांनी माझ्याकडे बघितलं. मग गलबताकडे. मग त्या तिघांकडे. त्यांचा हिरवा चेहरा पहिल्यांदा माणसाच्या रंगावर आला.

"मी सरकारी माणूस आहे," ते म्हणाले. "मला असलं काही विचारू नका. मला जरा चहा मिळतो का बघा. साखर बेताची."

मी चहा सांगितला आणि पदर खोचला.

साखळी लागायला वेळ लागला नाही. फक्त तोंडं उलटी. ज्या गलबताच्या पोटात शेवटी उभ्या राहायच्या त्या आज पहिल्या झाल्या. उतरून घ्यायचं कुठं, तर धक्क्यावरच, साहेबांच्या खुर्चीसमोर. पारूवयनी फळीच्या तोंडाशी गेली आणि तिनं घसा खाकरला. पाठवणीची गाणी आम्हांला शेकड्यांनी येत होती, पण लेक परत आणायचं गाणं जात्यावर कोण म्हणतं? तिला ते उभ्या उभ्या बांधावं लागलं.

परत फिर बाय माझे, वाट तुझी मोडली
सासरी गो तुझी कुनी, ओळख नाही काढली

पहिली दोन कौलं माझ्या हातात आली. पेंढ्याचा वास, भाजलेल्या मातीचा वास. मी ती खाली ठेवली.

तिघंही हसले. तात्या तर मांडीवर थाप मारून हसला. "अरे, ह्या बायांना ऊन लागलं! करू दे, करू दे. दमतील नि बसतील."

आम्ही दमणाऱ्या नव्हतो. आणि त्या दिवशी तर हात हलके झाले होते. मजुरीसाठी उचललेलं ओझं आणि हौसेनं उचललेलं ओझं ह्यांत केवढं अंतर असतं ते मला तेव्हा कळलं. धक्क्यावर मोरांचा ढीग वाढायला लागला. पारूवयनीचा गळा तापला.

बाप म्हणे माझी नाय, दीर म्हणे नाय
धक्क्यावर बस बाय, ऊन मोप हाय

सगळ्यांत आधी हसू मावळलं ते इब्राहिमचाचांचं. पाणी चढायला लागलं होतं. चिखलात बसलेलं गलबत हळूहळू सुटत होतं, आणि आम्ही कौलं काढत होतो ती धक्क्याकडच्या बाजूची, कारण हाताला जवळ तीच. दर्याकडची बाजू तशीच भरलेली. गलबत सुटलं तसं ते दर्याकडं कलायला लागलं. आधी डोलकाठी वाकडी दिसली. मग फळी करकरली.

"ए, ए! दर्याकडचीबी काढा गो!" चाचा ओरडले. "एका अंगानं काढू नका! बुडवाल माझ्या..."

साखळी थांबली नाही. साहेबांनी कप खाली ठेवला.

"तांडेल," ते म्हणाले, "काम कसं करायचं ते तुम्ही यांना सांगताय? म्हणजे देखरेख तुमची?"

चाचांनी जीभ चावली. तात्यानं त्यांच्या पाठीत कोपर मारलं.

"नाय साब. मी... मी आपला दर्याशी बोललो."

"चाचा," मी कौल खाली ठेवता ठेवता विचारलं, "तुमी म्हनत असाल तर दर्याकडची काढतो. तुमी म्हनता का?"

चाचांच्या चेहऱ्यावर जे झालं ते बघून मला वाईट वाटलं. माणूस वाईट नव्हता. उन्हात बायकांना गूळपाणी द्यायला कधी चुकला नव्हता. पण त्यांच्या शेठची जरब मोठी होती आणि काठेवाड लांब नव्हतं. "मी काय म्हननार," ते पुटपुटले. "तुमची मर्जी."

"मंग आमची मर्जी हिकडचीच हाय," सखू म्हणाली.

तेव्हापासून चाचा डोलकाठीकडं तोंड करून उभे राहिले आणि तिच्याशी बोलायला लागले. "या अल्ला, कुनाच्या तरी मनात येवो. दर्याकडची बाजूपन काढावी, असं कुनाच्या तरी मनात येवो. आता अर्ध्या हातावर पानी ऱ्हायला. मी कुनाला काय सांगत नाय. मी काठीला सांगतो." त्यांचे खलाशी आळीपाळीनं त्यांच्याकडं आणि आमच्याकडं बघत होते. बायकांच्या साखळीत हात घालायची छाती एकालाही नव्हती.

तात्याची तऱ्हा वेगळी. त्याचा हात सारखा शिट्टीकडं जायचा. अंगवळणी पडलेला हात, त्याला कायदा काय माहीत! एकदा तर शिट्टी ओठांपर्यंत पोचली, गाल फुगले, आणि साहेबांनी मान वर केली. तात्यानं फुगलेल्या गालांतली हवा नाकातून सोडली, शिट्टी सदऱ्याच्या आत टाकली आणि वरून गुंडी लावली.

दाजीशेठ मात्र हलले नाहीत. ते खरे मुरलेले. गलबत कलतंय तर कलू दे, ते काठेवाडच्या शेठचं. तात्या घामाघूम होतोय तर होऊ दे. ते छत्री उघडून बसले, पान चघळत राहिले आणि साहेबांना म्हणाले, "बायकांचं गाणं मोठं गोड असतं हो आमच्याकडं. शहरात हे मिळणार नाही तुम्हांला."

भरती वर आली. साहेबांच्या लाँचचा भोंगा खाडीच्या तोंडाशी ऐकू आला. लाँच लागली की साहेब जाणार, साहेब गेले की ते तिघं मोकळ्या तोंडानं शिव्या घालून आम्हांला हाकलणार, आणि रातोरात कौलं पुन्हा भरायला खालच्या बंदरातून दुसरी टोळी येणार. आमची सगळी हौस त्या खुर्चीवर माणूस बसलेला होता तोवरचीच.

मी पारूवयनीकडं बघितलं. तिनंही भोंगा ऐकला होता. तिनं एक डाव गाणं मोडलं. म्हणजे ठेका तसाच ठेवला, पण शब्द खाली पडू दिले, नुसती 'हं हं' करत राहिली. सबंध हंगामात मी तिला असं करताना पाहिलं नव्हतं. मग तिनं दाजीशेठांकडं तोंड केलं, आणि लेक परत का आली, ते गायला लागली.

काय गो तुझी खोट, सासू घरात घेईना
कच्ची भाजली आईनं, पान्याला टिकेना

बायकांच्या ओळीतून हसू सरकलं, जसं कौल सरकतं तसं, हातोहात. पारूवयनीनं आवाज चढवला.

वरून मोर नाचे, आत माती ओली
पहिल्या पावसानं, घरभर गळली

दाजीशेठांचं चघळणं थांबलं.

एक सांगायला हवं. हे खोटं होतं. मोर छाप कौल पक्कं होतं, आणि ते आमच्याइतकं कुणाला ठाऊक? आमच्या हातांनी रोज त्याचा ठणठण नाद ऐकलेला. दाजीशेठ पैशाला कसेही असोत, भट्टीला खरे होते. माती स्वतः बघायचे, बोटानं चाखायचे, भट्टी लागली की घरी जेवायला जायचे नाहीत. मजुरी बुडवली म्हणून त्यांना चोर म्हटलं असतं तर ते हसून पान पुढं करते. पण कौल कच्चं म्हणणं, तेही मोकळ्या धक्क्यावर, सरकारी माणसापुढं, दुसऱ्या गावचे खलाशी ऐकत असताना!

"काय म्हणाली ती?" ते उठले. छत्री आडवी झाली. "कोण कच्चं? खातूचं कौल कच्चं?"

तात्या त्यांचा सदरा धरायला धावला. "शेठ, शेठ, बसा! गाणं आहे ते, शेठ!"

"सोड!" पानाची लाल पिंक धक्क्यावर उडाली. "आजवर एक कौल परत आलं नाही माझं! एक! आणि ही भवानी... थांबा! चंद्रे, थांबव ती साखळी! पारू, तोंड बंद कर. सखू, ठेव ते खाली! एक पण कौल हलवायचं नाही, सांगून ठेवतो!"

आणि साखळी थांबली.

हे मी कित्येकदा आठवून पाहिलंय. आम्ही ठरवलं नव्हतं. ठरवलं असतं तर उलटच ठरवलं असतं, की शेठ ओरडले तरी चालू ठेवायचं. पण त्यांचा 'थांबा' कानावर पडला आणि गलबताच्या पोटातल्या नणंदेपासून धक्क्यावरच्या माझ्यापर्यंत सगळ्या बायकांचे हात जिथल्या तिथं थिजले. कुणाच्या हातात दोन कौलं, कुणाचे हात घ्यायला पसरलेले, कुणाची कंबर अर्धी वळलेली. पारूवयनीचं तोंड उघडं होतं, पण त्यातून आवाज येत नव्हता. चाचांच्या ओरडण्यानं जे झालं नाही, ते शेठच्या एका शब्दानं झालं. तोंडं सकाळपासून मालकाचं नाव शोधत होती. हातांना ते आधीपासून पाठ होतं.

पाणी फळीला चाटून जात होतं, तेवढंच काय ते ऐकू येत होतं.

निरगुडकरसाहेब खुर्चीवरून उठले. त्यांनी साखळीच्या ह्या टोकापासून त्या टोकापर्यंत नजर फिरवली. पुतळ्यासारख्या उभ्या बायका, लाल हात, लाल कौलं.

"खातूशेठ," ते अगदी हळू म्हणाले, "या कुणाच्या शब्दावर थांबल्या?"

आपण काय केलं ते शेठना कळलं होतं. ते आमच्याकडं असे बघत होते, जणू आम्हीच त्यांना दगा दिला. आणि एका अर्थी तसंच होतं. आमच्या आज्ञाधारकपणानं त्यांचा घात केला.

"सगळ्यांची नावं बाकी तोंडपाठ आहेत तुम्हांला," साहेब म्हणाले आणि लिहायला बसले. लाँच धक्क्याला लागली. लाँचवाल्यानं दोनदा भोंगा दिला. साहेबांनी हातानंच त्याला थांबायची खूण केली, आणि तोही थांबला.

मग पुढं जे होतं ते झालं. शेठनी होडी पाठवून कारखान्यातून पेटी मागवली. मुनीम घाबराघुबरा धावत आला. त्याला वाटलं शेठना झटका आला. बायकांनी ओळीनं मजुरी घेतली, साहेबांसमोर, शेठच्या हातून. तात्याचा हात कुठंच लागू द्यायचा नाही, असं पारूवयनीनं बजावलं होतं. मयेकर तर निरोप न देताच हजर झाला होता. माझ्या छातीवरचा धोंडा उतरला, पण खांदे तसेच ताठ राहिले, कारण आता पाणी पुरतं चढलं होतं आणि धक्क्यावर मोरांचा हा ढीग पडलेला होता.

"आता भरा की," चाचा डोलकाठी सोडून आमच्याकडं वळून म्हणाले. रडकुंडीला आले होते बिचारे.

"भरतो," पारूवयनी म्हणाली. "पन कुनाच्या सांगण्यानं? शेठ, तुमी सांगा."

शेठनी दुसरीकडं बघत हात हलवला.

"तोंडानं सांगा."

"भरा," शेठ म्हणाले. एरंडेल घोटल्यावर माणसाचा आवाज येतो, तसा तो आला.

"जोरात हो शेठ. दर्याकडच्यांना ऐकाय आला नाय."

"भरा म्हणतो ना!"

गलबत सरळ झालं आणि त्याच भरतीला गेलं. एक कौल फुटलं नाही. दाजीशेठ शेवटपर्यंत उभे राहून बघत होते. जाताना त्यांनी ढिगातलं मागं राहिलेलं एक कौल उचललं, बोटाच्या पेरानं वाजवलं, त्याचा नाद ऐकला आणि पारूवयनीपुढं धरलं. "आता बोल. कच्चं आहे?"

"नाय हो शेठ," ती म्हणाली. "तुमचं कौल लई पक्कं. तुमीच जरा कच्चे निघालात."

ही गोष्ट पुढच्या हंगामापर्यंत सांगायला हवी, नाही तर ती लोककथा होऊन बसेल, आणि आमच्या वाडीत ती तशी झालीही आहे.

पुढच्या हंगामात बंदरावर वेगळीच नवलाई. धक्क्यावर कुणी आम्हांला काही सांगेना. तात्यानं शिट्टी टाकून दिली होती. "गलबत लागलंय बरं का," तो हवेत म्हणायचा, जसं कुणी पाहुण्यांना हवापाण्याचं सांगतं. कौल कुणाच्या हातून फुटलं तरी शिवी नाही. दाजीशेठ आले तर तोंडात पानाचा एवढा मोठा तोबरा, की एक शब्द बाहेर पडायला वाट नसे. एवढं सौजन्य आम्ही जन्मात पाहिलं नव्हतं. सखूच्या सासूला तर भीतीच वाटायला लागली. म्हणाली, "शिवी देईनात, म्हंजे कायतरी वायट हुनार."

हंगाम सरला, बायका वाडीत परतल्या, आणि एक दिवस मला कारखान्याच्या कचेरीत बोलावणं आलं. आतापर्यंत मी त्या कचेरीच्या पायरीपाशी उभी राहिलेली. त्या दिवशी मला खुर्ची दिली. चहा आला तो कपबशीतून. शेठ म्हणाले, "चंद्रभागाबाई." माझ्या नवऱ्यानंसुद्धा मला कधी चंद्रभागा म्हटलेलं नव्हतं.

"चंद्रभागाबाई, तात्याला मी काढला. तुमच्या बायकांचं काम तुम्हीच बघता, मग मध्ये तो कशाला? ह्यापुढं कौलं भरायचं कंत्राट तुमच्या नावावर. बंदरात तुमचं नाव होईल. सही येते ना तुम्हांला?"

समोर कागद होता. त्यावर माझं पूर्ण नाव, नवऱ्याच्या नावासकट, मोत्यांसारख्या अक्षरांत: चंद्रभागा गणपत रेवाळे, कंत्राटदार. मी तो तीनदा वाचला. त्यात खोट काढता येईल असं काही नव्हतं. शेठ असेही म्हणाले, की मला नको असेल तर खालच्या बंदरातली टोळी तयार आहे. ते त्यांनी सगळ्यांत शेवटी सांगितलं, बशी माझ्याकडं सरकवता सरकवता.

मी सही केली. डोंगर चढताना, काय लपवू, माझ्या पायांना जोर आला होता. वाडी दिसायला लागली तेव्हा पारूवयनी आपल्या अंगणात नाचणी पाखडत बसली होती. मी तिला सगळं सांगितलं. खुर्ची, कपबशी, मोत्यांसारखं अक्षर.

तिनं सूप खाली ठेवलं.

"म्हंजे आता," ती म्हणाली, "शेठनी तुला दिलं नाय, तर आमी कुनाकडं मागायचं?"

"माझ्याकडं."

"आनि थांबा म्हननारी?"

"मीच."

तिनं उठून माझ्या दोन्ही गालांवरून हात फिरवला आणि आपल्या कानशिलांवर कडाकडा बोटं मोडली.

"बरं झालं गो," ती म्हणाली. "मालक आता आमच्याच वाडीत ऱ्हातो. लांब जाया नको."